लुगड्यांची उशी

आजी गेली त्याला आता तीन वर्षे झाली. तिच्या पत्र्याच्या ट्रंकेत सात सुती नऊवारी लुगडी निघाली. सगळी धुऊन धुऊन मऊ झालेली, काही दंडाला विरलेली. नेसण्याच्या कामाची ती नव्हती, आणि टाकून देणे कोणाच्याच मनात नव्हते. आई म्हणाली, "उश्या करू. नातवंडांना एकेक होईल."

सुट्टीचा दिवस होता, म्हणून हे काम मी अंगावर घेतले. चार लुगड्यांच्या नीट घड्या घातल्या, एकावर एक रचल्या, ४० सें.मी. रुंद आणि ६० सें.मी. लांब अशा अभ्र्यात बसवल्या आणि तोंड शिवून टाकले. दिसायला उशी छान झाली. रात्री तीच डोक्याखाली घेऊन झोपलो. सकाळी उठलो तो मान आखडलेली आणि कान दुखतोय! आईने उशी हातात घेऊन दाबून पाहिली आणि हसून म्हणाली, "अरे, घड्या घालून का उशी होते? हा पाट झाला. फाडायचं असतं ते."

तिने शिवण उसवली, लुगडी बाहेर काढली, काठ वेगळे केले आणि मधल्या कापडाच्या चिंध्या फाडायला घेतल्या. संध्याकाळपर्यंत त्याच चार लुगड्यांच्या दोन उश्या झाल्या. जाडी पहिल्या उशीइतकीच, पण डोके टेकवले की अलगद आत जाई. कापड तेच, तंतू तेच. मग फरक पडला कुठे? पदार्थांचे गुणधर्म अभ्यासण्यात माझी वीस वर्षे गेली आहेत, तरी या प्रश्नाचे सरळ उत्तर मला लगेच देता आले नाही. ते शोधताना जे हाती लागले ते वर्गात सहज करून दाखवण्यासारखे आहे, म्हणून हा लेख.

उशी नेमके काय करते?

मोठ्या माणसाच्या डोक्याचे वजन साधारण साडेचार ते पाच किलोग्रॅम असते. आपण साडेचार किलो धरू. उघड्या फरशीवर उताणे झोपले तर कवटीचा मागचा गोल भाग फरशीला टेकतो. गोल आणि सपाट पृष्ठभागांचा स्पर्श थोड्याच जागेत होतो. ही जागा १० चौ.सें.मी. आहे असे समजा. म्हणजे प्रत्येक चौ.सें.मी. वर ४५० ग्रॅम भार आला. आता डोक्याखाली मऊ उशी घेतली. डोके तिच्यात रुतते आणि उशी त्याच्या आकाराची खळगी धरते. स्पर्शाची जागा १५० चौ.सें.मी. झाली, तर प्रत्येक चौ.सें.मी. वर ३० ग्रॅमच भार येतो. डोक्याचे वजन एक ग्रॅमनेही कमी झाले नाही. फक्त ते पसरले. दाब म्हणजे भार भागिले क्षेत्रफळ, हे पाठ्यपुस्तकातले सूत्र इथे रोज रात्री आपल्या उपयोगी पडते.

हा दाब कमी असण्याला महत्त्व का आहे? रक्तदाबाप्रमाणे पाऱ्याच्या उंचीत मोजला तर पहिला दाब सुमारे ३३० मि.मी. भरतो आणि दुसरा सुमारे २२ मि.मी. आपल्या त्वचेतल्या केशवाहिन्यांमध्ये रक्त शिरते तेव्हा त्याचा दाब ३२ मि.मी.च्या आसपास असतो आणि बाहेर पडताना तो त्याच्या निम्म्याहूनही कमी होतो. बाहेरचा दाब याहून बराच वाढला आणि टिकून राहिला, की केशवाहिन्या चेपल्या जातात आणि तेवढ्या भागाला रक्त पोचत नाही. निरोगी माणूस झोपेतही नकळत कूस बदलतो, म्हणून त्याला फक्त अवघडल्यासारखे होते. अंथरुणाला खिळलेल्या आजाऱ्याला कूस बदलता येत नाही. त्याच्या पाठीला, टाचांना आणि डोक्याच्या मागच्या भागालाही जखमा होतात त्या यामुळेच. अशा माणसाला ठराविक वेळाने कुशीवर वळवणे हाच खरा उपाय. मऊ उशी त्याला मदत करते, पण त्याची जागा घेऊ शकत नाही.

करून पाहा : एक सोललेला नारळ किंवा रबरी चेंडू ओल्या खडूने माखा. तो कोरड्या पाटीवर हलकेच टेकवून उचला आणि उमटलेल्या ठिपक्याचा व्यास मोजा. आता तोच नारळ पुन्हा माखून, चिंध्या भरलेल्या पिशवीवर गडद रंगाचे कापड अंथरून त्यावर टेकवा. दोन्ही ठिपक्यांची क्षेत्रफळे काढा. दाब किती पटींनी कमी झाला हे विद्यार्थी स्वतः सांगतील.

उशीत असते ती हवा

आईच्या एका उशीत दोन लुगडी मावली. त्यांचे वजन दीड किलो भरले. कापसाच्या तंतूची घनता एका घन सें.मी. ला सुमारे दीड ग्रॅम असते. म्हणजे उशीतल्या सगळ्या तंतूंचे खरे आकारमान एक लिटरच झाले. उशीचे आकारमान मात्र सरासरी ६ सें.मी. जाडी धरली तर ४० × ६० × ६, म्हणजे १४,४०० घन सें.मी., सुमारे साडेचौदा लिटर. थोडक्यात, तंतू ७ टक्के आणि हवा ९३ टक्के. आपण उशी म्हणतो ती बहुतांशी कापडाने जागच्या जागी अडवून ठेवलेली हवा असते.

उशी उबदार का लागते तेही यावरून कळते. स्थिर हवा उष्णतेची फार वाईट वाहक आहे. पाणी तिच्यापेक्षा वीसपटीहून अधिक चांगले वाहक आहे. चिंध्यांच्या बारीक फटींत अडकलेली हवा वाहू शकत नाही, म्हणून डोक्याची ऊब तिथेच राहते. गोधडीचेही तेच. गोधडीतला प्रत्येक थर आणि त्यावरून घातलेले टाके हवेचे चपटे कप्पे तयार करतात. उन्हाळ्यात मात्र हीच ऊब नकोशी होते आणि आपण उशी उलटी करतो. दुसरी बाजू गार लागते, कारण मधल्या हवेने वरची ऊब तिच्यापर्यंत पोचूच दिलेली नसते.

माझ्या पहिल्या उशीत याच आकारमानात चार लुगडी होती. म्हणजे तंतू १४ टक्के. हवा तरीही ८६ टक्के होती. मग ती पाटासारखी कशी झाली? नुसत्या टक्केवारीने याचे उत्तर मिळत नाही. तंतू कसे मांडले आहेत हेही पाहावे लागते.

घडी आणि चुरगळा

करून पाहा : वहीचे वापरलेले चाळीस कागद घ्या. वीस कागद एकावर एक सपाट रचून एका खोक्यात ठेवा. उरलेल्या वीस कागदांचे सैलसर बोळे करून दुसऱ्या खोक्यात भरा. दोन्हींवर एकेक पुस्तक ठेवा आणि हाताने दाबा. सपाट गठ्ठा ढिम्म हलत नाही. बोळे दबतात आणि हात काढला की थोडे वर येतात.

कागद तोच, वजनही तेच. सपाट रचलेल्या गठ्ठ्यात दाब कागदाच्या जाडीवर पडतो आणि जाडीतून दबण्यासारखे त्यात फारसे काही नसते. बोळ्यांमध्ये कागदाच्या शेकडो लहान लहान कमानी झालेल्या असतात. दाब पडला की त्या वाकतात. पातळ वस्तू चेपणे कठीण असते, पण वाकवणे सोपे. वाकलेली कमान सरळ होऊ पाहते, म्हणून उशी डोक्याला पुन्हा वर उचलून धरते. मऊपणा म्हणतो तो हाच. घडी घातलेले लुगडे म्हणजे सपाट गठ्ठा, आणि फाडून चुरगळलेले लुगडे म्हणजे बोळे.

आईने काठ का काढले? तिला विचारले तर म्हणाली, "टोचतात म्हणून." त्यामागचे कारण असे.

करून पाहा : २० सें.मी. लांब आणि ३ सें.मी. रुंद अशा कागदाच्या एकवीस पट्ट्या कापा. दहा पट्ट्या खळीने एकमेकींना चिकटवून, वजनाखाली सपाट ठेवून वाळवा. दहा सुट्या ठेवा. एक पट्टी एकटी. आता तिन्ही टेबलाच्या कडेवरून १२ सें.मी. बाहेर येतील अशा ठेवा आणि कडेशी पुस्तकाने दाबून धरा. सुट्या दहा पट्ट्या एकट्या पट्टीइतक्याच खाली वाकतात. चिकटवलेल्या दहा जवळजवळ सरळ राहतात.

सुट्या थरांत प्रत्येक थर आपापला वाकतो, म्हणून दहा थरांचा ताठपणा एकाच्या दसपट होतो. चिकटलेले थर एकच जाड पट्टी बनतात, आणि पट्टीचा ताठपणा जाडीच्या घनाच्या प्रमाणात वाढतो. दहाचा घन हजार. म्हणजे तेवढेच कागद असूनही चिकटवल्याने ताठपणा शंभरपट वाढला. कापडाच्या शिवणी, कॉलर, नेफा, दुमडून शिवलेली किनार हे सगळे चिकटलेल्या पट्ट्यांच्या जातीचे. लुगड्याच्या काठात धागे अधिक दाट विणलेले असतात, म्हणून काठही तसाच. चिंधी फाडताना तिच्या कडेला जे सुटे दोरे निघतात, ते मात्र सुट्या पट्ट्यांसारखे असतात. म्हणून कात्रीने कापलेल्या तुकड्यांपेक्षा हाताने टरकावलेल्या चिंध्यांची उशी मऊ होते. बनियन किंवा टी-शर्टचे कापड आणखी बरे. ते आडव्याउभ्या धाग्यांचे नसून फासांचे विणलेले असते आणि प्रत्येक फासा एक इवलीशी कमान असतो.

किती भरावे?

घरी उशी करणाऱ्यांची नेहमीची चूक म्हणजे ठासून भरणे. "थोडं जास्त भरलं तर काय बिघडलं?" असे वाटते. याचे उत्तर १९४६ साली सी. एम. व्हॅन वाइक या संशोधकाने लोकरीच्या पुंजक्याचा अभ्यास करून दिले. सुट्या तंतूंचा पुंजका चेपायला लागणारा दाब हा त्या जागेत तंतूंचे प्रमाण किती आहे याच्या घनाप्रमाणे वाढतो, असे त्याने दाखवले. तेवढ्याच जागेत दुप्पट तंतू कोंबले तर दाब आठपट लागतो. दीडपट कोंबले तरी तो तिपटीहून जास्त होतो.

असे का व्हावे? तंतू एकमेकांना जिथे जिथे टेकतात ते त्यांचे आधार. दोन आधारांमधला तुकडा पुलासारखा वाकतो. तंतू जास्त झाले की आधार जवळजवळ येतात आणि मधला तुकडा आखूड होतो. ओढ्यावर टाकलेल्या फळीच्या दोन आधारांमधले अंतर निम्मे केले, तर तीच फळी आठपट ताठ होते. व्हॅन वाइकचा नियम वाकण्याच्या याच गणितातून निघतो.

माझ्या उशीत आईच्या उशीच्या दुप्पट कापड होते, हे आता आठवा. घड्यांचा दोष होताच. त्यात हा आठपटीचा दोषही मिळाला.

करून पाहा : कापडी पिशवीत चिंध्या भरून ती सपाट ठेवा आणि वर हलकी फळी ठेवा. फळीवर १, २, ४ आणि ८ किलोची वजने क्रमाने ठेवून प्रत्येक वेळी जाडी मोजा. वजने नसतील तर पाण्याने भरलेल्या लिटरच्या बाटल्या चालतील. आलेख काढा. नियम तंतोतंत लागू पडला असता तर १ किलोवरून ८ किलोवर जाताना जाडी निम्मी झाली असती. चिंध्यांमध्ये तंतू सुटे नसून धाग्यांत बांधलेले असतात, त्यामुळे तुमचे उत्तर थोडे वेगळे येईल. ते का आणि किती वेगळे आले, यावर वर्गात चांगली चर्चा होऊ शकते.

उशी "बसते" म्हणजे काय होते?

नवी उशी फुगीर असते. वर्षभरात ती बसते, तिच्यात गाठी होतात. पूर्वी अशा वेळी पिंजारी यायचा. त्याच्या धनुकलीची तार कापसात थरथरत फिरली, की गाठी सुटून कापूस ढगासारखा फुलायचा. तार कापसात नवे काही घालत नव्हती. तंतू एकमेकांपासून सोडवून त्यांच्यात हवा भरत होती. आता हे काम यंत्रावर होते, पण तत्त्व तेच आहे.

कापूस बसतो याचे कारण त्याच्या रसायनात आहे. कापसाचा तंतू सेल्युलोजचा असतो. सेल्युलोजच्या लांब साखळ्या एकमेकींना हायड्रोजन बंधांनी धरून ठेवतात. हे बंध एकेकटे दुबळे असतात, पण संख्येने अगणित. पाण्याचे रेणू त्यांच्यात शिरले की ते सुटतात, आणि पाणी गेले की साखळ्या ज्या स्थितीत असतील त्याच स्थितीत पुन्हा जुळतात. सुती शर्टाला पाणी शिंपडून इस्त्री केली की घडी बसते ती याच कारणाने. उशीतही तेच घडते. डोक्याचा दाब, घामाचा ओलावा आणि रात्रभराचा वेळ मिळाला, की वाकलेला तंतू वाकलेल्या स्थितीतच "इस्त्री" होऊन बसतो.

उशीत ओलावा असतो किती? हवेची सापेक्ष आर्द्रता ६५ टक्के असताना कापूस आपल्या कोरड्या वजनाच्या सात ते आठ टक्के पाणी धरून ठेवतो. म्हणजे दीड किलोच्या कोरड्या दिसणाऱ्या उशीत १०० ग्रॅमहून अधिक पाणी असते. पावसाळ्यात तर याहून बरेच जास्त. उशीला ऊन दाखवून झोडपायची घरोघरची रीत अगदी शास्त्रशुद्ध आहे. उन्हाने पाणी निघून जाते आणि झोडपल्याने चिकटून बसलेले तंतू सुटे होतात. स्वयंपाकघरातल्या काट्यावर उशीचे वजन उन्हात ठेवण्यापूर्वी आणि नंतर करून पाहा. सकाळी आणि संध्याकाळी, उन्हाळ्यात आणि पावसाळ्यात अशी नोंद ठेवली, तर वर्गाला एक साधा आर्द्रतामापकच मिळेल.

पॉलिएस्टरचे उलट आहे. जॉन व्हिनफिल्ड आणि जेम्स डिक्सन यांनी १९४१ मध्ये इंग्लंडमध्ये हा तंतू शोधून काढला. टेरिलिन आणि त्यापासूनचे टेरिकॉट म्हणून तो आपल्या घरात आला. तो जेमतेम अर्धा टक्का पाणी धरतो. त्यामुळे त्याला सुरकुती पडत नाही आणि उशीत तो लवकर बसत नाही. पण घामही शोषत नाही. चिंध्यांच्या उशीत थोडे टेरिकॉट मिसळले तर ती जास्त दिवस फुगीर राहते. अभ्रा मात्र सुतीच हवा.

सावरीच्या कापसाची उशी अनेकांनी वापरली असेल. त्याचा तंतू आतून पोकळ असतो आणि त्याच्या भिंती पातळ असतात, म्हणून तो इतका हलका. मात्र तो गुळगुळीत आणि ठिसूळ असल्याने त्याचे सूत काढणे अवघड. भरावासाठीच तो मुख्यतः वापरला जातो.

कापड ओळखावे कसे?

जुन्या कपड्यांवर नावाच्या चिठ्ठ्या उरलेल्या नसतात. एकेक दोरा जाळून पाहणे हा सोपा मार्ग. हा प्रयोग शिक्षकांनीच करावा. दोरा चिमट्यात धरावा आणि जवळ पाण्याचे भांडे ठेवावे. सुती दोरा कागदासारखा जळतो, वास कागदाचाच येतो आणि मागे मऊ राख उरते. लोकर आणि रेशीम यांना केस जळल्याचा वास येतो, कारण तेही केसांसारखेच प्रथिनांचे बनलेले असतात. पॉलिएस्टर आधी आकसते, वितळते आणि शेवटी कडक काळा मणी राहतो. टेरिकॉटमध्ये दोन्ही खुणा एकत्र दिसतात.

धूळ, किडे आणि दमा

जुने कापड म्हटले की स्वच्छतेचा प्रश्न येतोच. आपल्या त्वचेचे बारीक कोंडे रोज झडत असतात. त्यांवर जगणारे धूळकिडे उशी-गादीत राहतात. त्यांची लांबी मिलिमीटरच्या पाव ते एकतृतीयांश, म्हणून नुसत्या डोळ्यांनी ते सहसा दिसत नाहीत. ते चावत नाहीत. पण त्यांच्या विष्ठेतल्या प्रथिनांची अनेकांना ॲलर्जी असते. घरातल्या धुळीमुळे होणाऱ्या दम्याशी या किड्यांचा संबंध १९६० च्या दशकात नेदरलँड्समधल्या लायडन येथील संशोधकांनी दाखवून दिला.

हे किडे पाणी पीत नाहीत, हवेतले बाष्प शोषून जगतात. हवा बराच काळ कोरडी राहिली की ते सुकून मरतात. कोकणात, दमट हवेत ते वर्षभर सुखाने राहतात. ऊन दाखवल्याने उशी कोरडी होते, पण तिच्या गाभ्यापर्यंत पुरेशी उष्णता पोचेलच असे नाही. शिवाय किडे मेले तरी ॲलर्जी आणणारी प्रथिने मागे राहतात. म्हणून धुणे आवश्यक. ६० अंश सेल्सिअसच्या पाण्यात धुतले तर किडे मरतात आणि प्रथिनेही बरीचशी निघून जातात.

इथे चिंध्यांच्या उशीचा एक मोठा फायदा लक्षात येतो. पिंजलेल्या कापसाची उशी धुतली तर तिचा गोळा होतो. चिंध्या मात्र अभ्र्यातून काढून, जाळीच्या पिशवीत घालून धुता येतात आणि कडक वाळवून पुन्हा भरता येतात. घरात कोणाला दमा असेल तर ही सोय फार मोलाची आहे.

बाळासाठी नको

लुगड्यांच्या उश्या झाल्यावर आईने उरलेल्या मऊ कापडातून भाचीच्या दोन महिन्यांच्या बाळासाठी मोहरीची उशी करायला घेतली. डोके गोल व्हावे म्हणून अशी उशी करायची पद्धत आपल्याकडे जुनी आहे. या वेळी मात्र मी तिला थांबवले. मऊ वस्तू डोक्याचा आकार धरते हा जो तिचा गुण आपण वर पाहिला, तोच तान्ह्या बाळाच्या जिवावर बेतू शकतो. बाळाचे तोंड उशीत रुतले तर उशी नाकातोंडाभोवतीही तशीच बसते, आणि मान फिरवून सुटण्याचे बळ बाळात नसते. म्हणून एक वर्षापर्यंत बाळाला उशीच देऊ नये आणि त्याला सपाट, घट्ट अंथरुणावर उताणे झोपवावे, असे बालरोगतज्ज्ञ सांगतात. आईला हे पटायला दोन दिवस लागले. मग तिने त्या कापडाची दुपटी शिवली.

तान्ह्या बाळासाठी जुनेच कापड घ्यायची रीत मात्र योग्य आहे. नव्या कापडात खळ असते आणि ती धाग्यातले तंतू चिकटवून ठेवते. म्हणजे वरच्या प्रयोगातल्या चिकटलेल्या पट्ट्याच. धुण्याने खळ निघते, तंतू सुटे होतात, काही झिजून बारीक होतात. आजीच्या लुगड्याचा मऊपणा म्हणजे तिच्या शेकडो धुण्यांचा परिणाम.

उशी करायची तर

कपडे गरम पाण्यात धुऊन कडक वाळवावेत. बटणे, हुक, चेन, इलॅस्टिक, काठ आणि शिवणी काढून टाकाव्यात. सुती कापडाच्या दोनतीन सें.मी. रुंद आणि हातभर लांब चिंध्या फाडाव्यात, बनियनचे तुकडे कापावेत. चिंध्या सपाट न ठेवता सैल चुरगळून आतल्या सुती पिशवीत भराव्यात. ४० × ६० सें.मी.च्या उशीला सव्वा ते दीड किलो पुरे. आधी कोपरे भरावेत, मग मधला भाग. भरल्यावर त्यावर डोके ठेवून पाहावे आणि घट्ट वाटली तर मूठ-दोन मूठ काढावे. आठपटीचा नियम लक्षात ठेवला तर मूठभर चिंध्यांनी इतका फरक का पडतो याचे नवल वाटणार नाही. आतल्या पिशवीचे तोंड कायमचे शिवू नये. धाव दोरा घालावा, म्हणजे धुण्यासाठी उसवता येईल.

चिंध्यांपासून भराव करण्याचे हेच काम जगात मोठ्या प्रमाणावरही चालते. १८१३ मध्ये इंग्लंडमधल्या यॉर्कशायर परगण्यातील बॅटली गावी बेंजामिन लॉ याने जुन्या लोकरी चिंध्या पिंजून त्यांत थोडी नवी लोकर मिसळून पुन्हा सूत काढले. या सुताला शॉडी म्हणतात. आज आपल्या हरियाणातले पानिपत हे या उद्योगाचे जगातले एक मोठे केंद्र आहे. देशोदेशीचे टाकलेले कपडे तिथे येतात आणि त्यांची घोंगडी-ब्लँकेटे होऊन बाहेर पडतात. पण पिंजताना दर खेपेला तंतू तुटून आखूड होतो. आखूड तंतूचे सूत कच्चे निघते. म्हणून कपड्याचा पुन्हा पुन्हा कपडाच करता येत नाही. केव्हातरी त्याला उशीत, गादीत किंवा पायपुसण्यात जावेच लागते. उशीला आखूड तंतू चालतो, कारण तिथे ताण नसतो, फक्त वाकणे असते.

एका सुती शर्टामागे, कापूस पिकवण्यापासून धरले तर, सुमारे अडीच हजार लिटर पाणी खर्ची पडते असा अंदाज आहे. नऊवारीत कापड त्याच्या कितीतरी पट. विदर्भ-मराठवाड्यातल्या आपल्या वाचकांना या पाण्याची किंमत निराळी सांगायला नको.

सातांपैकी सहा लुगड्यांच्या तीन उश्या झाल्या आणि तीन नातवंडांकडे गेल्या. सातवे आईने फाडू दिले नाही. ते घडी करून तिच्या उशाशी असते. त्याची घडी कितीही घट्ट असली, तरी तिला ती टोचत नाही. याचे स्पष्टीकरण मी अजून शोधलेले नाही, आणि शोधावेसेही वाटत नाही.